अमेरिका सरांच्या कुंड्या

आमच्या शेजारच्या सरांच्या कुंड्या चालतात. खोटं वाटत असेल तर नांदेडला या, स्टेशनसमोर ऑटो करा, आमच्या कॉलनीत कुणालाही 'अमेरिका सरांचं घर' विचारा आणि दोनचार महिने आमच्याकडे मुक्काम ठोका. स्वतःच्या डोळ्यांनी बघाल. सर सकाळी लुंगी-बनियनवर बाहेर येतात, जास्वंदीला, कोरफडीला, गवती चहाला पाणी घालतात, इकडे बघतात, तिकडे बघतात, आणि कुणी नाही अशी खात्री झाली की एकेक कुंडी पोटाशी धरून वीतभर पुढे नेऊन ठेवतात. पुढे म्हणजे पश्चिमेला. पश्चिमेला आम्ही राहतो.

कुणी नाही अशी त्यांची खात्री होते, कारण मी पत्र्याच्या भोकाला डोळा लावून आत उभी असते.

आधी माझं सांगते. मी मंगल. घराला लागून पत्र्याची शेड आहे, तिच्यात माझी मिरची कांडपाची मशीन. उन्हाळा लागला की पार भोकरकडच्या बायकासुद्धा मिरच्या आणि खडा मसाला घेऊन येतात, आणि तिखट, येसर, काळा मसाला होईपर्यंत शेडमध्ये बसून सगळ्या नातेवाइकांची उणीदुणी काढतात. आमचे हे कापडाच्या दुकानात कामाला आहेत. पण मुलीचं नर्सिंगचं शिक्षण चाललंय ते या मशीनवर. तेव्हा शेडच्या दिशेने साधी कोरफड जरी सरकली, तरी माझा जीव वरखाली होतो.

सर म्हणजे माणिकराव, मूळचे जळकोटचे. कॉलेजात इतिहास शिकवायचे आणि इतिहासात अमेरिकेचा पेपर. त्यातही सगळी अमेरिका त्यांना चालत नाही. दोनशे वर्षांपूर्वी तिथली माणसं गाड्या जोडून, चूलबोळकं घेऊन पश्चिमेकडे निघाली, तेवढाच काळ खरा. त्याच्या आधीची अमेरिका त्यांच्या मते कच्ची आणि नंतरची करपलेली. स्वतः सर पश्चिमेला फार तर पुण्यापर्यंत गेलेत, तेही एका लग्नाला, आणि पंगत उठताच माघारी आले.

अमेरिकेच्या अध्यक्षांची नावं त्यांच्या तोंडी कधी येत नाहीत. नंबर येतात. तिसरे, पाचवे, सातवा. आमच्या ह्यांनी एकदा कारण विचारलं.

"नाव घेतलं की लोक लगेच इचारतात, कोणत्या पार्टीचा, कोणत्या समाजाचा," सर म्हणाले. "नंबरला काय जात न्हाई, गजाननराव."

आम्ही इथे राहायला आलो त्या पहिल्या आठवड्यात मला वाटलं, 'तिसरे' म्हणजे सरांचे तिसरे भाऊ असणार. कारण सर कठड्याला टेकून ह्यांना सांगत होते, "तिसऱ्यांनी न बघता एवढी जमीन घेतली, फ्रान्सवाल्याकडनं. नदीपासनं डोंगरापर्यंत. आन घेतल्यावर माणसं धाडली, जा रे बाबांनो, आपण काय घेतलंय ते बघून या." मी काकूंना, म्हणजे सरांच्या मंडळींना, म्हटलं, "तुमच्या दिरांचं जळकोटला बरंच शेत दिसतंय." काकू पदर तोंडाला लावून बराच वेळ हसत बसल्या. मग त्यांनी मला आत नेलं, गूळ-शेंगदाणे हातावर ठेवले आणि म्हणाल्या, "सवय होईल गं. मलाबी आधी वाटायचं, एवढे पाहुणे आले तर सैपाक कसा पुरायचा."

सवय झाली. आमच्या ह्यांना तर इतकी झाली, की त्यांनी आमचा प्लॉट घेतल्याची गोष्ट 'तिसऱ्यांसारखा घेतला' अशी सांगायला सुरुवात केली. ती खरीच होती. एका रविवारी प्लॉटवाल्याने ह्यांना उसाचा रस पाजला, चुन्याची रेघ दाखवली, कोपऱ्यात पुरलेला दगड दाखवला, आणि रस संपायच्या आत हे हो म्हणून बसले. मला प्लॉट दाखवला तेव्हा पावसाने रेघ वाहून गेली होती. दगड तेवढा होता.

सरांचे अध्यक्ष कॉलनीत कुठल्याही कामाला उपयोगी पडतात. शेळ्या फाटकातून आत घुसल्या की सर काठी उगारून ओरडतात, "पाचव्यांनी सांगून ठेवलंय, इकडल्या मुलखात पाय टाकायचा न्हाई!" पाचव्यांनी ते युरोपातल्या राजांना सांगितलं होतं म्हणे. शेळ्या मात्र ऐकतात. नववे भर थंडीत कोट न घालता लांबलचक भाषण करून बसले आणि महिन्याभरात गेले, ही गोष्ट तर सरांनी मनाला फारच लावून घेतली आहे. सतरा सप्टेंबरला, मुक्तिसंग्राम दिनाला, कॉलनीत झेंडावंदन असतं, सरांना दोन शब्द बोलायला सांगतात. नांदेडचा सप्टेंबर, अंगाला घामाच्या धारा, आणि सर लोकरीचा कोट, गळ्याला मफलर, कानाला टोपी अशा थाटात माइकसमोर उभे. आमच्या ह्यांनी पंख्याची दिशा त्यांच्याकडे केली, तर सरांनी घाईघाईने पंखा बंद करायला लावला.

आणि सातवा. त्याला सर अहोजाहो करत नाहीत. सातव्याने नदीच्या अलीकडे पिढ्यान्‌पिढ्या राहणारी माणसं घरातून उठवली आणि पार पलीकडे, पश्चिमेला हाकलली. वाटेत कितीतरी मेली. कॉलेजात हा धडा शिकवून आले की सर जेवायचे नाहीत. काकू ताट वाढून बसायच्या, सर भिंतीकडे बघत बसायचे, आणि खिडकीतून काकूंचा आवाज यायचा, "त्या मेल्या सातव्याला म्हणावं, जेवणं झाल्यावर येत जा!" निवृत्त झाल्यावरही सरांचा तो धडा काही सुटला नाही. भेंडीची भाजी नको असली तरी सातवा आठवायचा, असं काकू म्हणायच्या.

काकू गेल्या वर्षीच्या थंडीत वारल्या. चार दिवस दवाखान्यात होत्या, पाचव्या दिवशी नव्हत्या. सर तेव्हा रडले नाहीत, बोललेही फार नाहीत. तेरावं झालं आणि त्यांच्या कुंड्या चालायला लागल्या.

आता दगडाचं सांगायला हवं. तो आमच्या दोघांच्या प्लॉटच्या मध्ये पुरलेला होता. आम्ही घर बांधायच्या वेळी माझ्या सासूबाई भोकरजवळच्या गावाहून आल्या, त्यांनी तो एकटा उभा दगड बघितला आणि पिशवीतून शेंदूर काढला. सर धावत आले.

"आजी, हा हद्दीचा दगड हाय हो!"

"आसू दे की," सासूबाई शेंदूर थापत म्हणाल्या. "हद्द राखतो म्हंजी लई जागृत आसल."

झालं. दगडाचा म्हसोबा झाला. अमावस्येला नारळ फुटायला लागला, कुणाच्या मुलाला नोकरी लागली तर पेढे यायला लागले. पुढे मी मशीन घ्यायचं ठरवलं आणि शेड बांधायला मिस्तरी आला, तर म्हसोबा नेमका शेडच्या जागेत मध्यभागी. मिस्तरी कानाला हात लावून म्हणाला, "देवावर पत्रा टाकणार न्हाई." त्यानेच मग तोड काढली. देव उन्हात बसून राहिलाय, त्याला लिंबाच्या सावलीत बसवू. लिंब सरांच्या बाजूला. वाजतगाजत, हळदकुंकू वाहून, चार जणांनी म्हसोबा उचलला आणि सावलीत नेला. तेव्हाही सर दारात आले होते. "अहो, तो हद्दीचा..." एवढं त्यांनी म्हटलं, तोच आतून काकूंची हाक आली, "अहो, जरा आत या." सर आत गेले. बाहेर आले तेव्हा त्यांच्या हातात नारळ होता. तो त्यांनी म्हसोबापुढे फोडला, सगळ्यांना खोबरं वाटलं, आणि मी म्हसोबापासून हातभर जागा सोडून शेड बांधून टाकली.

तर कुंड्या. आधी एकटी कोरफड पुढे आली. मग तिच्या मागोमाग जास्वंद, मग गवती चहा, मग एक प्लास्टिकची खुर्ची, मग खुर्चीच्या डोक्यावर कपडे वाळत घालायची दोरी. मी सरांना हटकलं.

"सर, कुंड्या पुढे सरकल्यात."

"सरकल्या असतील," सर शांतपणे म्हणाले. "मोकळ्या जागेला ओढ असते, मंगलताई. अमेरिकेत बी सरकार काय आधी पुढं गेलं न्हाई. आधी एखादा एकटा माणूस जायचा, जंगलात फासे लावणारा. मग त्याच्या मागं गाडीवाले. मग चुली पेटल्या, मग चर्च, मग पोस्ट. पोस्ट आलं की राज्य झालं म्हणून समजा."

त्यानंतर आठवड्याभरात पेपरवाल्याने पेपर सरांच्या दारात न टाकता त्या खुर्चीवर टाकला. पोस्ट आलं होतं.

आणि मग एका सकाळी कोरफडीने म्हसोबा ओलांडला.

मी हातातलं सूप तिथेच टाकलं. आमच्या ह्यांना उठवलं. हे डोळे चोळत म्हणाले, "अगं, सर आहेत. कोरफडच आहे. तुला केसांना लावायला होईल." मी म्हटलं, "आज कोरफड आहे, उद्या पत्रे टाकतील, परवा माझी शेड त्यांच्या राज्यात! मोजणी आणा." हे म्हणाले, शेजाऱ्यांवर कुणी मोजणी आणतं का. मी म्हटलं, तुम्ही उसाचा रस पीत बसा. आणि मी स्वतः जाऊन मोजणीचा अर्ज देऊन आले.

मोजणीवाले साहेब आले ते मे महिन्यात, ऐन कांडपाच्या गर्दीत. शेडमध्ये बायका, बाहेर मिरच्या वाळत घातलेल्या, त्यात साहेबांची काठी आणि काठीवर बसवलेली मोजणीची पांढरी मशीन. सरांनी त्यांना खुर्ची दिली, माठातलं पाणी दिलं, आणि अमेरिकेत लोखंडी साखळीने जमीन कशी मोजत, डोंगर असो की नदी, सगळ्या मुलखाचे चौकोन कसे पाडत, ते सांगायला लागले. साहेब घाम पुसत 'हो का, हो का' करत होते. काठी फिरली, पुन्हा फिरली. साहेब म्हसोबाजवळ थांबले नाहीत. शेडच्या दारात आले, बायकांना बाजूला व्हायला सांगितलं, आत शिरले आणि माझ्या मशीनवर हात ठेवला.

"बाई, हद्द इथून जाती."

"कुठून?"

"इथूनच. मशीनच्या मधून. अर्धी तुमच्यात, अर्धी सरांच्यात. कुंड्या समद्या त्यांच्याच जागेत हायत. उलट त्यांना आणखी पुढं यायला वाव हाय."

अर्धी शेड पाडायची म्हणजे धंदा बंद. मुलीची अजून दोन वर्षं बाकी. ज्यांच्यावर मी मोजणी आणली ते सर दारात उभे, आणि माझी त्यांच्याकडे बघायची हिंमत होत नव्हती. सगळ्या बायका चिडीचूप झाल्या. एरवी आमच्या शेडमध्ये असं कधी होत नाही.

"साहेब, तुमची मशीन बरोबर हाय," सर म्हणाले. "पण आमच्यातला देव चालत आला. तो बसलाय तीच हद्द."

"सर, असं कसं? खुणा करायला पायजेत."

"करा की. म्हसोबाला करा. माझी काय तक्रार न्हाई. चहा घेऊन जा मात्र."

साहेबांनी दोनदा विचारलं, तिसऱ्यांदा विचारलं. सरांनी दर वेळी तेच सांगितलं. शेवटी साहेबांनी काठी आवरली, चहा घेतला, म्हसोबाला हात जोडले आणि गेले.

दुपारी बायका पांगल्यावर मी सरांकडे गेले. काय बोलायचं ते वाटेत ठरवलं होतं, पण दारात पोचेपर्यंत विसरले. मी नुसतंच म्हणाले, "सर, तुम्हाला माहीत होतं."

"हाव."

"मग म्हसोबा हलवला तेव्हा का नाही बोललात?"

"बोलणारच होतो. हिनं आत बोलावलं. म्हणली, बाई लेकीसाठी मशीन टाकून राहिली, तिच्या आड काय येता? आन देव आपणहून आपल्या दारी सरकला, त्याला हद्द काय दाखवता? जा, नारळ फोडा." सर जरा हसले. "मी म्हणलं, अगं, सगळा इतिहास असाच घडलाय, न बोलल्यानं. तर म्हणली, तुमचा इतिहास ऱ्हाऊ द्या, नारळ घ्या."

"मग आता कुंड्या कशाला सरकवता, सर? आमचा जीव टांगणीला लागला."

सर लुंगीचं टोक उगीच सारखं करत राहिले. मग म्हणाले, "घरात आवाज न्हाई, मंगलताई. तुमच्या शेडमधी असतो. मशीनचा असतो, बायांचा असतो. कुणाच्या सुनेचं काय झालं, कुणाची म्हैस व्याली. इकडनं नीट ऐकू येत न्हाई. पण बायांच्या घोळक्यात मी येऊन बसू कसा? कॉलेजात शिकवलेला माणूस. कुंडीला पाणी घालायला आलो म्हणलं तर कुणी काय म्हणत न्हाई. म्हणून कुंड्या."

इतके महिने मी पत्र्याच्या भोकातून या माणसावर पहारा ठेवत होते आणि हा माणूस पत्र्याच्या पलीकडे आमच्या म्हशींची चौकशी करत बसला होता. मी उठले, त्यांची ती प्लास्टिकची खुर्ची उचलली आणि सरळ शेडमध्ये नेऊन टाकली.

"आत या, सर. बाहेर ऊन आहे."

"आत? आत कसा येऊ?"

"अर्धी शेड तुमचीच आहे. तुमच्या अर्ध्यात बसा."

सर आले. पहिल्या दिवशी बायकांनी पदर सारखे केले, आवाज खाली आणले. दुसऱ्या दिवशी शमीमआपांनी त्यांच्या हातात चाळणी दिली. शमीमआपा लग्नाच्या जेवणाच्या ऑर्डरी घेतात, त्यांचा मसाला कायम माझ्याकडे. "सरजी, खाली बैठे तो ये छानते जाओ," त्या म्हणाल्या. प्राध्यापक मसाला चाळायला लागले आणि चाळता चाळता अमेरिका सांगायला लागले. आता परिस्थिती अशी आहे की भोकरकडच्या बायका घरी जाऊन सातव्याला शिव्या देतात. एका म्हातारीने तर म्हसोबाला नवस बोलून ठेवलाय, सातव्याचं वाटोळं होऊ दे म्हणून. तो मरून कैक वर्षं झाली असं सरांनी सांगून बघितलं, पण तिने नवस मागे घेतला नाही.

परवाची गोष्ट. सर तिसऱ्यांनी पाठवलेल्या त्या माणसांची गोष्ट सांगत होते. दोन कप्तान, होड्या, नदी, आणि त्यांच्यासोबत तिथल्याच मुलखातली एक बाई, पोरसवदाच, ओली बाळंतीण, पाठीला लेकरू बांधलेलं. त्या बाईला कंदमुळं ठाऊक, माणसं ठाऊक. ती होती म्हणून बाकीचे नीट पोचले, असं सर म्हणतात. पार समुद्रापर्यंत गेली ती, लेकरासकट, आणि परत आली. मध्येच लाइट गेली. मशीन थांबली. उन्हात पत्रा तडतडायला लागला, पण कुणी उठलं नाही.

"सरजी," शमीमआपांनी विचारलं, "इत्ता लंबा सफर. रास्ते में बच्चे को दांत आए होंगे ना? पहला निवाला कायका दिये होंगे उसको?"

सरांची चाळणी थांबली. डोळ्यांना पाणी आलं, गालावरून खाली आलं, आणि ते पुसायचंसुद्धा त्यांच्या ध्यानात आलं नाही.

"सर," मी म्हणाले, "काकूंची आठवण येऊन राहिली का?"

"मिरची गेली डोळ्यात."

"मशीन बंद आहे, सर. केव्हाची."

सरांनी चाळणी मांडीवर ठेवली.

"हाव," ते म्हणाले. "ती बी हेच इचारायची. त्या लेकराचं उष्टावण कुठं केलं असंल हो, कशानं केलं असंल. गोष्ट कधीबी सांगा, तिचा हाच सवाल. त्या कप्तानांनी समदं लिहून ठेवलंय, कोणती मासळी खाल्ली, कुठं पाऊस लागला. मी लई पुस्तकं धुंडाळली. उष्टावण कुणी लिहिलं न्हाई." मग म्हणाले, "आमच्या घरात कधी झालंच न्हाई ना. म्हणून इचारायची ती."

इतकी वर्षं शेजारी राहिले, काकूंच्या हातचे शेंगदाणे खाल्ले, आणि काकूंना मूल नसल्याचं दुःख मी त्यांच्या हसण्यात कधी बघितलं नाही. शमीमआपा सरकून सरांच्या जवळ बसल्या. "शहद चटाये होंगे सरजी," त्या हळूच म्हणाल्या. "जंगल में शहद तो मिलताच ना. दो कप्तान थे ना साथ में, एक न एक ने तो गोद में लेके चटाया होंगा."

"मध," सर म्हणाले. त्यांनी आमच्या सगळ्यांकडे एकदा बघितलं. "हे तिला सांगायला पायजे होतं."

तेवढ्यात लाइट आली. डोक्यावरचा बल्ब लागला, पंखा फिरायला लागला. मशीनचं बटण माझ्या हाताशी होतं. बाहेर दोन बायका मिरच्या घेऊन ताटकळत उभ्या होत्या. मी बटण दाबलं नाही.